बॅटरीची नोंदवही

वसंत व्याख्यानमालेच्या व्यासपीठावर कामगार चळवळीतला माणूस उभा राहिला, की तो बोनस, महागाईभत्ता आणि मालकांचा आडमुठेपणा यांवाचून दुसरे काय बोलणार, अशी श्रोत्यांची समजूत असते. आणि ती अगदीच निराधार आहे असे मला प्रामाणिकपणे म्हणवत नाही. आज मात्र मी विषय घेतला आहे तो बॅटरीचा, आणि त्यातही आपल्या मुलामुलींच्या मांडीवर जो लॅपटॉप असतो त्याच्या बॅटरीचा. विषय किरकोळ वाटेल. परंतु पंधरा-वीस हजारांना घेतलेला जुना लॅपटॉप हेच ज्या घरात शिक्षणाचे सारे भांडवल आहे, त्या घरात 'बॅटरी गेली' हे दोन शब्द उच्चारले गेले म्हणजे काय होते ते मी पाहिले आहे. कामगाराच्या पंधरा दिवसांच्या बाजारहाटाचा पैसा त्या दोन शब्दांत असतो.

बॅटरी गेली म्हणजे नेमके काय झाले? ती किती गेली? कोणी मोजले आणि कशाने मोजले? हे प्रश्न आपण विचारीत नाही. त्याऐवजी आपण ऐकीव नियम सांगतो. एक म्हणतो, बॅटरी पूर्ण उतरल्याशिवाय चार्जिंगला लावू नये. दुसरा म्हणतो, ती नेहमी भरलेली असावी. तिसरा सांगतो, नवी बॅटरी पहिल्या दिवशी आठ तास चार्ज केलीच पाहिजे. गंमत अशी, की ह्यांतला एकही नियम मूर्खपणाचा नाही. प्रत्येक नियम एके काळी, एका विशिष्ट घटाच्या बाबतीत, अगदी खरा होता. घट गेला, नियम मात्र मागे राहिला. म्हणूनच लॅपटॉपच्या बॅटरीची निगा समजून घ्यावयाची असेल तर थोडा इतिहास चाळावा लागतो.

सातारा आणि सांगली हा एके काळी एकच जिल्हा. 1949 साली दक्षिण सातारा वेगळा झाला आणि 1960 साली त्या जिल्ह्याला सांगली हे नाव मिळाले. ह्या मुलखाचे दिव्याशी जुने नाते आहे. कऱ्हाडजवळच्या ओगलेवाडीला ओगले बंधूंनी काचकारखाना काढला आणि तिथला प्रभाकर कंदील महाराष्ट्रभर घरोघर गेला. कंदिलाची देखभाल बहुधा घरातल्या बाईच्या किंवा मुलांच्या वाट्याला येई. दिवेलागणीच्या आधी काच राखेने पुसावयाची, वात कातरावयाची, आणि कंदील कानाशी धरून हलवून तेल किती आहे ते पाहावयाचे. ह्या हलवून पाहण्याकडे मी मुद्दाम लक्ष वेधतो. तेल किती उरले हे शाळेत न गेलेल्या माणसालाही कळत होते. बॅटरीचे तसे नाही. आत किती उरले आहे ते हलवून कळत नाही, डोळ्यांना दिसत नाही आणि वजनातही फरक पडत नाही. तिथे मोजण्याची विद्या लागते.

इटलीच्या व्होल्टाने 1800 साली धातूच्या चकत्यांची चळत रचून सतत वाहणारी वीज मिळविली, हे शाळेच्या पुस्तकात असते. त्यावर अधिक थांबत नाही. आपल्या देशात बॅटरी प्रथम मोठ्या प्रमाणावर राबली ती तारखात्यात. 1855 साली तार सर्वसामान्य जनतेसाठी खुली झाली आणि 15 जुलै 2013 रोजी ती सेवा बंद पडली. ह्या दीडशेहून अधिक वर्षांच्या पूर्वार्धात तारेमागचे बळ घटांचे होते. आपल्या तारखात्यात मिनॉटो नावाच्या इटालियन माणसाने सुचविलेला घट वापरात होता. भांड्याच्या तळाशी तांब्याची चकती, तिच्यावर मोरचुदाचे खडे, मग वाळूचा किंवा भुशाचा ओला थर आणि सर्वांत वर जस्ताची चकती. ह्या जातीच्या घटाचा स्वभाव असा, की त्याला रिकामे बसवून चालत नाही. काम थांबले, की मोरचुदाचे निळे पाणी हळूहळू वर चढते आणि जस्ताला जाऊन भिडते. तेव्हा त्याला सतत थोडे राबवीत ठेवणे हीच त्याची निगा.

आता ह्याच्या अगदी उलट स्वभावाचा घट पाहा. फ्रान्सच्या लक्लांशे ह्याने 1866 साली जस्त, कोळशाची कांडी, मँगेनीज डायऑक्साइड आणि नवसागर ह्यांचा घट बनविला. पुढे त्याचाच कोरडा अवतार निघाला. तो म्हणजे आपल्या टॉर्चचा सेल. शेतावर रात्री पाणी पाजायला जाणाऱ्याच्या हातात तो पिढ्यान् पिढ्या आहे. हा घट सतत राबविला तर दमतो आणि विश्रांती दिली तर पुन्हा थोडा सावरतो. म्हणून टॉर्च मंद झाला, की आपली माणसे सेल काढून उन्हात ठेवीत. ह्या रिवाजाला शहाण्या माणसांनी हसण्याचे कारण नाही. उष्णतेने सेलमधली रासायनिक क्रिया जलद होते, अडून बसलेली थोडी वीज बाहेर पडते, आणि एक-दोन रात्री निभावतात. सेल भरत नाही, पण उरलेसुरले काम देतो. शेतकऱ्याचे निरीक्षण बरोबरच होते. तेच निरीक्षण आज मोबाइलला किंवा लॅपटॉपला लावणे मात्र घातक आहे. त्याकडे पुढे येतो.

तिसरा घट शिशाचा. फ्रेंच शास्त्रज्ञ गास्तों प्लांते ह्याने 1859 साली शिशाचे पत्रे गंधकाम्लात बुडवून असा घट तयार केला, की जो उतरला तर पुन्हा भरता येतो. गेली दीडशे वर्षे जगाचा गाडा ह्या जड, काळ्या पेटीने ओढला आहे. आपल्या दोन जिल्ह्यांतल्या कामगाराशी ज्या बॅटरीची गाठ पडली ती हीच. मिरजेच्या जंक्शनात येणाऱ्या जुन्या डब्यांच्या पोटाखाली ह्याच घटांच्या पेट्या टांगलेल्या असत. गाडी धावताना चाकाच्या आसावरून पट्ट्याने फिरणारा डायनॅमो दिवे लावी आणि घटही भरी. गाडी स्टेशनात उभी राहिली म्हणजे दिव्यांचा भार घटांवर येई. घट म्हातारे झाले असले, की डब्यात अंधुक पिवळा उजेड पडे, आणि प्रवासी 'रेल्वेचा कारभार' म्हणून पुटपुटत. एस.टी.च्या आगारांत बॅटरीचे काम पाहणारा वेगळा माणूस असे. त्याच्या खाकी पँटला तेजाबाची भोके पडलेली असत, आणि त्यावरूनच तो ओळखू येई.

रेडिओचीही एक कथा आहे. वीज न पोचलेल्या गावांत ग्रामपंचायतीचा सार्वजनिक रेडिओ आला तेव्हा तो व्हॉल्व्हचा होता. त्याला दोन तऱ्हेची वीज लागे : व्हॉल्व्हची तार तापविण्यासाठी शिशाचा घट, आणि दुसरी बरीच अधिक व्होल्टची कोरडी बॅटरी. शिशाचा घट उतरला, की जिथे वीज असेल तिथे तो नेऊन भरून आणावयाचा. तो आणायला उशीर झाला, की चावडीवरचा रेडिओ मुका. अमेरिकेत 1947 साली ट्रान्झिस्टरचा शोध लागला आणि 1960 नंतरच्या काळात ट्रान्झिस्टर रेडिओ आपल्या खेड्यांत पोचला, तेव्हा टॉर्चच्याच सेलवर बातम्या ऐकू येऊ लागल्या आणि ही यातायात संपली.

आता माझ्या विषयाचा गाभा. सांगलीतल्या एका निवृत्त टेलिफोन कामगाराकडून मी बॅटरी शिकलो. माझे शालेय शिक्षण बेताचेच झाले, त्यामुळे असे गुरू मला वाटेत बरेच भेटले. टेलिफोन एक्स्चेंजला सुमारे 48 व्होल्टची वीज लागते. म्हणजे दोन-दोन व्होल्टचे 24 घट ओळीने जोडलेले. बाहेरची वीज गेली तरी टेलिफोन चालतो तो ह्या घटांच्या जिवावर. त्यासाठी एक स्वतंत्र खोली, आणि खोलीत एक नोंदवही. चोवीस घटांपैकी एक घट 'पायलट' म्हणून निवडलेला असे. त्याच्या तेजाबाची घनता हायड्रोमीटरने रोज पाहून लिहावयाची, आणि ठरलेल्या मुदतीने सर्व घटांची पाहावयाची. भरलेल्या घटाचे तेजाब जड असते. घट उतरत गेला, की त्यातले गंधकाम्ल शिशाच्या पत्र्यांत शिरते आणि पाणी पातळ होते. मोटारीच्या बॅटरीत भरलेल्या अवस्थेचा आकडा सुमारे 1.26 च्या पुढे असतो, आणि 1.15 च्या आसपास आला म्हणजे ती जवळजवळ रिकामी समजावयाची. काचेच्या नळीतली ती तरंगती कांडी म्हणजे कंदील कानाशी धरून हलविण्याचीच सुधारलेली आवृत्ती होय.

परंतु घनता सांगते ती घट आज किती भरला आहे हे. घट मुळात किती धरू शकतो, हा प्रश्न वेगळा. पाण्याचा हंडा भरलेला आहे हे एक, आणि हंड्यात निम्मा गाळ साचला आहे हे दुसरे. वरून दोन्ही हंडे काठोकाठच दिसतात. ह्या दुसऱ्या प्रश्नासाठी घट पूर्ण भरून, ठरावीक भाराने उतरवून, किती तास टिकतो ते पाहावे लागते. मूळ क्षमतेच्या 80 टक्क्यांच्या खाली आला, की तो घट बदलण्याच्या यादीत जातो, असा शिशाच्या मोठ्या घटांविषयी जगभर मानला जाणारा दंडक आहे. माझे गुरू म्हणत, 'आमच्याकडे बॅटरी जात नव्हती. वही उघडली की ती कुठवर आली आहे ते दिसत होते.'

शिशाच्या घटाचा स्वभाव असा, की त्याला उपाशी ठेवता येत नाही. उतरलेला तसाच पडू दिला, की पत्र्यांवर पांढरा कठीण थर धरतो आणि मग तो भरता भरत नाही. म्हणून 'बॅटरी नेहमी भरलेली असावी' हा नियम निघाला. 2005 नंतरच्या भारनियमनाच्या वर्षांत घरोघर इन्व्हर्टर आले, त्यांना हा नियम तंतोतंत लागू होता. डिस्टिल्ड वॉटर वेळेवर घालणे आणि बॅटरी भरलेली ठेवणे, ह्या दोन गोष्टी आपल्या गृहिणीही शिकल्या.

ह्यानंतर निकेल-कॅडमियमचा घट. तो स्वीडनच्या युंगनर ह्याने 1899 सालीच बनविला होता. पण सर्वसामान्यांच्या हाती आला तो कॅमेरे, बिनतारी संच आणि पहिल्या पिढीतले लॅपटॉप ह्यांच्याबरोबर. ह्या घटाला एक चमत्कारिक खोड. दर वेळी निम्माच उतरवून पुन्हा भरला, की तो निम्म्यावरच अडखळू लागतो. जणू त्याला तेवढ्याच मजुरीची सवय झाली. त्यावर उपाय म्हणजे अधूनमधून पूर्ण उतरविणे. 'पूर्ण उतरल्याशिवाय चार्जिंगला लावू नका' हा उपदेश इथला आहे, आणि पहिल्या दिवशीचे लांबलचक चार्जिंगही ह्याच निकेलच्या कुळातले. तो घट लॅपटॉपमधून गेला त्याला आता पुष्कळ वर्षे झाली. उपदेश मात्र साताऱ्याच्या पोवई नाक्यावरही ऐकू येतो आणि सांगलीच्या मारुती चौकातही.

आज लॅपटॉपमध्ये आहे तो लिथियम-आयनचा घट. त्याची पायाभरणी 1970 नंतरच्या दशकात व्हिटिंगहॅम ह्यांनी केली; 1980 साली गुडइनफ ह्यांनी कोबाल्टच्या संयुगाचा उपयोग दाखविला; 1985 साली जपानच्या योशिनो ह्यांनी त्याला सुरक्षित, व्यवहार्य रूप दिले, आणि 1991 साली सोनी कंपनीने तो बाजारात आणला. तिघांना 2019 चे रसायनशास्त्राचे नोबेल पारितोषिक मिळाले, तेव्हा गुडइनफ 97 वर्षांचे होते. निवृत्तीचे वय 58 की 60 ह्यावर वाटाघाटी करणाऱ्या माझ्यासारख्याला हा आकडा विचारात पाडतो!

ह्या घटाचा स्वभाव आधीच्या चौघांहूनही निराळा. लिथियमचे कण भरताना एका बाजूला जातात, उतरताना परत येतात. ह्या येरझारीत दर खेपेस थोडे कण कायमचे अडकतात, म्हणून क्षमता हळूहळू कमी होत जाते. हे म्हातारपण टाळता येत नाही. ते लवकर आणणारे शत्रू मात्र दोन आहेत : उष्णता, आणि सतत काठोकाठ भरलेली अवस्था. दोघे एकत्र आले म्हणजे तर विचारूच नका. अभ्यासकांत नेहमी दिले जाणारे एक कोष्टक आहे. 40 टक्के भरलेला घट 25 अंशांवर वर्षभर ठेवला तर त्याची सुमारे 96 टक्के क्षमता शिल्लक राहते. पूर्ण भरून 40 अंशांवर ठेवला तर सुमारे 65 टक्के. काहीही काम न करता, नुसता बसून! चैत्र-वैशाखात सांगलीचा पारा चाळिशीला टेकतो. पत्र्याखालच्या खोलीत, गादीवर ठेवलेला, रात्रंदिवस चार्जरला लावलेला लॅपटॉप हा त्या कोष्टकातल्या शेवटच्या ओळीत बसतो. 2020 साली शाळा घरात आली तेव्हा हजारो लॅपटॉप असेच राबले, आणि वर्षा-दोन वर्षांत त्यांच्या बॅटऱ्या कशा गेल्या ह्याचे सर्वांना आश्चर्य वाटले.

म्हणजे पाहा. मिनॉटोचा घट म्हणे मला राबवा. टॉर्चचा सेल म्हणे विश्रांती द्या आणि ऊन दाखवा. शिशाचा घट म्हणे भरलेला ठेवा. निकेलचा म्हणे पूर्ण रिकामा करा. आणि लिथियमचा म्हणतो, भरगच्चही नको, उपाशीही नको, आणि कृपा करून सावलीत ठेवा. पाच सासवांची एक सून व्हावी तशी आपली गत झाली आहे.

आता नोंदवहीकडे वळतो. टेलिफोन एक्स्चेंजातही पुढे झाकणबंद शिशाच्या बॅटऱ्या आल्या. त्यांना पाणी घालावे लागत नाही, म्हणून त्यांना देखभाल-मुक्त म्हणू लागले. झाकण बंद झाले, हायड्रोमीटर आत जाईना, आणि बॅटरीचा कामगारही हळूहळू पटावरून नाहीसा झाला. घट मुक्त झाला नाही. त्याच्याकडे पाहणारा माणूस तेवढा मुक्त झाला. ह्याविषयी मला फार बोलावेसे वाटते, परंतु ते दुसऱ्या व्याख्यानाचे सामान आहे.

लॅपटॉपच्या बाबतीत मात्र एक चांगली गोष्ट घडली आहे, आणि ती फारच थोड्यांना ठाऊक आहे. 1995 साली इंटेल आणि ड्युरासेल ह्या कंपन्यांनी अशा बॅटरीचा आराखडा प्रसिद्ध केला, की जी स्वतःची नोंद स्वतः ठेवते. आजच्या लॅपटॉपच्या बॅटरीत घटांबरोबर एक चिमुकली चकती असते. किती वीज आत गेली, किती बाहेर आली, किती फेऱ्या झाल्या, उष्णता किती, हे ती लिहीत राहते. म्हणजे एक्स्चेंजातला बॅटरी कामगार आणि त्याची वही दोन्ही आतच बसवलेली आहेत. वही बंद नाही. ती उघडण्याची रीत तेवढी आपणांस कोणी सांगितलेली नाही.

रीत सोपी आहे. विंडोज असलेल्या लॅपटॉपवर 'कमांड प्रॉम्प्ट' नावाची काळी खिडकी उघडावी. तीत इंग्रजी अक्षरांत 'पॉवरसीएफजी', मग एक मोकळी जागा, मग एक तिरकी रेघ आणि तिला चिकटून 'बॅटरीरिपोर्ट' असे लिहून एन्टरची कळ दाबावी. यंत्र एक अहवाल तयार करते आणि तो कोठे ठेवला ते तिथेच सांगते. अहवालात दोन आकडे शोधावेत. 'डिझाइन कपॅसिटी' म्हणजे बॅटरी कारखान्यातून निघाली तेव्हाची क्षमता. 'फुल चार्ज कपॅसिटी' म्हणजे आज ती जास्तीत जास्त किती धरू शकते. समजा पहिला आकडा 42,000 मिलिवॅट-तास आणि दुसरा 29,400 आहे. तर बॅटरीत 70 टक्के जीव शिल्लक आहे. खाली जुन्या तारखांचे आकडेही असतात. त्यांवरून उतार सावकाश आहे की एकाएकी कडा आहे, ते दिसते. 'सायकल काउंट'ही बहुधा असतो. तीनशे ते पाचशे पूर्ण फेऱ्यांनंतर 80 टक्क्यांच्या आसपास येणे हे साधारण बॅटरीचे सामान्य आयुष्य होय. अॅपलच्या यंत्रांत हीच माहिती 'सिस्टिम इन्फर्मेशन'मध्ये 'पॉवर' ह्या सदराखाली मिळते.

ह्याचा उपयोग कसा होतो ते सांगतो. आमच्या युनियनच्या कचेरीत एक जुना लॅपटॉप आहे. तो चाळीस टक्के दाखवीत असताना पटकन बंद पडू लागला. दुरुस्तीच्या दुकानात नेला, तेव्हा काउंटरवरच्या मुलाने तो हातात धरला, पालथा केला आणि 'बॅटरी गेली' म्हणून साडेतीन हजारांचा आकडा सांगितला. मोजले काहीच नाही. दुकानाचे नाव घेण्याचे प्रयोजन नाही; तो मुलगाही पगारी नोकरच होता. कचेरीत परत येऊन अहवाल काढला, तर बॅटरीत 71 टक्के शिल्लक. मग दोष कोठे होता? दोष नोंदवहीत होता. लॅपटॉप महिनोन् महिने चार्जरलाच लागून राहिला, की आतल्या लेखनिकाचा हिशेब घसरतो. भरलेले टोक कोणते आणि रिकामे टोक कोणते हे त्याला धड ठरविता येत नाही. तेव्हा एकदा पूर्ण भरावा, तासभर राहू द्यावा, मग चार्जर काढून यंत्र आपण होऊन बंद पडेपर्यंत चालू द्यावे, आणि पुन्हा पूर्ण भरावा. हिशेब बहुधा जुळतो. आमचा जुळला.

इथे चाणाक्ष श्रोता म्हणेल, की मग पूर्ण उतरविण्याचा तो जुना नियम खराच ठरला की! कृती तीच, पण हेतू निराळा. निकेलच्या घटात ती घटासाठी होती. इथे ती वहीसाठी आहे. तीन-चार महिन्यांतून एकदा पुरे. रोज केली तर घट झिजतो. आणि हिशेब जुळवूनही यंत्र अर्ध्यावरच बंद पडत असेल तर आतला एखादा घट दुबळा झाला आहे असे समजावे. बॅटरीत घट ओळीने जोडलेले असतात, आणि सर्वांत दुबळा घट थांबला की सारी ओळ थांबते. अशा वेळी बॅटरी बदलणेच योग्य. दुकानदार तेव्हा खरे बोलत असतो.

ऊस काट्यावर जातो तेव्हा काटा कोणाच्या हातात आहे ह्यावर वारणा-कृष्णेच्या खोऱ्यात आजवर किती वाद झाले हे श्रोत्यांना मी सांगावयास नको. वजन आपल्याला पाहता आले पाहिजे, एवढीच शेतकऱ्याची मागणी असते. बॅटरीच्या बाबतीत तर काटा आपल्याच घरात आहे. जुना लॅपटॉप विकत घेताना सुद्धा पैसे देण्यापूर्वी हा अहवाल काढून पाहावा. विकणारा काढू देत नसेल तर तेही एक उत्तरच आहे.

निगेविषयी थोडे. बहुतेक नव्या लॅपटॉपांत चार्जिंग 80 टक्क्यांवर थांबविण्याची सोय असते. यंत्र सदा टेबलावरच असेल तर ती चालू करावी. परीक्षेच्या किंवा प्रवासाच्या दिवशी खुशाल शंभर टक्के भरावे. एका दिवसाने काही बिघडत नाही. गादी, उशी आणि ऊन टाळावे. बराच काळ वापरावयाचे नसेल तर अर्धे भरून ठेवावे, कारण भरून ठेवले तर क्षमता झिजते, आणि रिकामे ठेवले तर घट इतका खाली जातो की आतली संरक्षक योजना तो पुन्हा भरूच देत नाही.

बॅटरी फुगली तर मात्र आकडेमोड सोडून द्यावी. टचपॅड वर उचलले जाणे, झाकण नीट न बसणे, तळ डुगडुगणे ही तिची लक्षणे. आत वायू साचलेला असतो. यंत्र बंद करावे, चार्जर काढावा, बॅटरी दाबू नये, टोचू नये, आणि जाणकाराकडून काढून घ्यावी. 2006 साली डेल कंपनीला सोनीच्या घटांच्या सुमारे 41 लाख बॅटऱ्या परत मागवाव्या लागल्या. घट बनविताना आत राहिलेल्या धातूच्या सूक्ष्म कणांनी आग लागण्याचा धोका उत्पन्न झाला होता. ऑगस्ट 2019 च्या महापुरात सांगलीला आयर्विन पुलापाशी कृष्णा 57 फुटांपर्यंत चढली, आणि कितीतरी घरांतली यंत्रे पाण्यात गेली. असा भिजलेला लॅपटॉप उन्हात वाळवून चार्जरला लावणे हा टॉर्चच्या सेलचा नियम झाला. आत गंज आणि गाळ राहतो, आणि तोच पुढे घात करतो.

एक काळ असा होता, की लॅपटॉपच्या खालच्या दोन खिट्ट्या सरकविल्या की बॅटरी हातात येई. 2010 च्या आसपासपासून ती आत गेली. काही यंत्रांत स्क्रूखाली, काहींत चक्क डिंकाखाली. यंत्र पातळ झाले आणि मालक परावलंबी झाला. युरोपीय संघाने 2023 साली कायदा करून ठरविले, की 18 फेब्रुवारी 2027 पासून तेथील बाजारात येणाऱ्या उपकरणांतली बॅटरी, काही अपवाद वगळता, वापरणाऱ्याला स्वतः काढता-घालता आली पाहिजे. त्याची झुळूक आपल्या बाजारापर्यंत येते का ते पाहावयाचे.

राहता राहिली ती काढलेली बॅटरी. शिशाच्या बॅटरीने कामगाराचे काय होते ते जगाला फार पूर्वीपासून ठाऊक आहे. अमेरिकेत डॉ. अॅलिस हॅमिल्टन ह्या बाईंनी 1915 सालीच बॅटरी कारखान्यांतल्या शिसेबाधेवर अहवाल लिहिला, आणि आपल्या 1948 च्या कारखाना कायद्याच्या परिशिष्टात सरकारला कळवावयाच्या रोगांत शिसेबाधा होती. ज्या कारखान्याला फाटक आहे तिथे निदान कायदा वाचून दाखविता येतो. भंगाराच्या वखारीला फाटक नसते. तिथे हातोड्याने बॅटरी फोडणाऱ्या पोराचे नाव कोणत्याच पटावर नसते, आणि शिशाच्या ढिगात एखादी फुगलेली लिथियमची बॅटरी आली आणि तिच्यावर हातोडा पडला, तर ती तिथेच पेट घेते. 2022 च्या बॅटरी कचरा व्यवस्थापन नियमांनी जुन्या बॅटऱ्या गोळा करून त्यांचा पुनर्वापर करण्याची जबाबदारी त्या बाजारात आणणाऱ्या उत्पादकांवर टाकली आहे. नवी बॅटरी बसविताना जुनी परत घेता का, आणि ती पुढे कोठे जाते, हे दुकानात विचारावे, आणि बॅटरीच्या दोन्ही टोकांना चिकटपट्टी लावून ती तिथेच द्यावी. घरातल्या रद्दीच्या पोत्यात ती घालू नये. ते पोते दुसऱ्या दिवशी कोणाच्या पाठीवर असते ते आपण सर्व जण पाहतो.